पालेभाजी घातलेला मॅश बटाटा: पाणी आवरलं की जमलाच

बटाटा उकडायचा, कुस्करायचा, त्यात शिजवलेली पालेभाजी मिसळायची आणि लोणी, गरम दूध घालून सारखं करायचं. पदार्थ एवढाच. आयर्लंडमध्ये केल (कोबीच्या जातीची एक पालेभाजी) किंवा कोबी घालून करतात त्याला कोलकॅनन म्हणतात, कांद्याची पात घातली तर चॅम्प. नेदरलँड्समध्ये थंडीच्या दिवसांत केलची पानं घालून असाच स्टॅम्पॉट होतो आणि त्यासोबत सॉसेज वाढतात. आपल्याकडे तो हॉटेलात मॅश पोटॅटो म्हणून, ग्रिल केलेल्या चिकनच्या किंवा पनीरच्या शेजारी, चमचाभरच मिळतो. घरी तो पोटभर करता येतो. शिवाय लागणारी प्रत्येक वस्तू ठाण्यात कोपऱ्यावरच्या भाजीवाल्याकडे आणि डेअरीत मिळते.

तरी तो बऱ्याच घरांत फसतो, आणि फसतो तो दोनच प्रकारे. एक तर बटाट्याचा चिकट, ओढला तर ताणला जाणारा गोळा होतो. नाही तर ताटात वाढल्यावर कडेने हिरवट पाणी सुटतं. दोन्ही वेळा दोष मसाल्याचा नसतो, पाण्याचा असतो. बटाट्यात जास्तीचं पाणी राहिलं, पाल्यातलं पाणी काढलं नाही, किंवा बटाट्यातला स्टार्च घुसळून बाहेर काढला आणि तो त्या पाण्यात खळीसारखा झाला. म्हणून या लेखात पाण्यावरच जास्त लिहिलं आहे. बटाटा कोरडा, पाला कोरडा, मग लोणी आणि सगळ्यात शेवटी दूध, हा क्रम पाळलात तर बाकी चवीचा भाग तुमच्या घरच्या आवडीवर सोडता येतो.

काय लागेल

चार जणांना पोळी किंवा भाताऐवजी पोटभर व्हावा एवढ्यासाठी ७५० ग्रॅम बटाटे घ्या, म्हणजे मध्यम आकाराचे सहा-सात. पालेभाजीची एक मोठी जुडी, निवडून धुतल्यावर २०० ते २५० ग्रॅम भरेल इतकी. लोणी ६० ग्रॅम. दूध एक वाटी, म्हणजे साधारण १५० मिलिलिटर. ते सगळं लागेलच असं नाही. कांद्याच्या पातीच्या चार-पाच काड्या, लसणाच्या चार पाकळ्या, मीठ आणि ताजी कुटलेली मिरी.

लोण्याबद्दल थोडं सांगायला हवं. घरी साय विरजून काढलेलं पांढरं लोणी असेल तर त्याच्यासारखं दुसरं काही नाही. विकतचं पिवळं लोणी खारट असतं, ते वापरणार असाल तर मीठ अगदी शेवटी, चाखून घाला. साजूक तूप हा लोण्याचा सरळ पर्याय नाही. तुपात लोण्यातलं दूध आणि पाणी उरलेलं नसतं, त्यामुळे ते बटाट्यात मिसळायच्या ऐवजी तुपकट थरासारखं जिभेवर राहतं. तूप वरच्या फोडणीसाठी ठेवा. आणि क्रीम आणायला मुद्दाम बाहेर पडू नका. फ्रीजमधली दोन चमचे ताजी साय दुधात घोटून घातली तर काम त्याहून चांगलं होतं.

बटाटा कोणता घ्यायचा

निम्मं काम इथेच होतं. मॅशसाठी पिठूळ बटाटा हवा, ज्यात पाणी कमी आणि स्टार्च जास्त आहे. उकडल्यावर तो फुटतो, भुगा होतो. रस्साभाजीला जो छान वाटतो, फोडी अखंड ठेवणारा, घट्ट, किंचित मेणचट बटाटा, तो इथे कामाचा नाही.

बाजारात जात सांगून बटाटा क्वचितच मिळतो, पण वाशीच्या कांदा-बटाटा मार्केटमध्ये किंवा ठाण्याच्या जांभळी नाक्याला नेहमीच्या विक्रेत्याला विचारलंत तर माल कुठला आणि जुना की नवा एवढं तो नक्की सांगतो. भारतात लावल्या जाणाऱ्या बहुतेक जातींच्या नावात ‘कुफरी’ असतं, कारण त्या सिमल्याच्या केंद्रीय बटाटा संशोधन संस्थेने काढलेल्या आहेत. त्यातली कुफरी ज्योती मॅशला बरी. कुफरी चिप्सोना वेफर्ससाठी काढलेली जात आहे, तिच्यात कोरडा अंश भरपूर, म्हणून मॅशला उत्तम. मिळाली तर सोडू नका. पिवळसर गराची कुफरी पुखराज दिसायला सुरेख असते, पण पाणचट, आणि ती नेमकी सगळीकडे मिळते. तिचा मॅश करायचा झाला तर पुढे सांगितलेलं वाळवणं दुप्पट मन लावून करा.

ऋतूही बघावा लागतो. हिवाळ्यात नवा बटाटा येतो. त्याचं साल अंगठ्याने चोळलं तरी निघतं. त्यात पाणी जास्त असतं, मॅश सैल होतो. उन्हाळ्यापासून दिवाळीच्या आसपासपर्यंत आपण खातो तो बहुतेक शीतगृहातला जुना बटाटा. तो पिठूळ असतो, पण थंडीत राहिल्यामुळे त्यातल्या काही स्टार्चची साखर झालेली असते आणि मॅशला नको तितका गोडवा येतो. असा बटाटा घरी आणून आठवडा-दीड आठवडा फडताळात, अंधारात, हवा खेळेल असा ठेवला तर गोडवा बराच उतरतो. याच कारणासाठी बटाटा घरच्या फ्रीजमध्ये ठेवू नये. पुणे जिल्ह्यातल्या सातगाव पठारावरचा खरिपाचा बटाटा पावसाळा सरताना येतो, तो मिळाला तर जरूर घ्या.

हातातला बटाटा पिठूळ आहे की नाही याची एक साधी परीक्षा आहे. एक भाग मीठ आणि अकरा भाग पाणी, मापाने, असं खारं पाणी करा. अर्धी वाटी मीठ आणि साडेपाच वाट्या पाणी पुरे. त्यात बटाट्याची फोड टाका. तळाशी गेली तर बटाटा पिठूळ, तरंगली तर पाणचट. ते खारं पाणी फेकू नका, बटाटे उकडायच्या पाण्यात थोडं थोडं वापरता येतं.

हिरवट झालेला बटाटा घेऊ नका. घरी ठेवलेल्यापैकी एखाद्याला हिरवी झाक आली असेल तर तेवढा भाग खोलवर कापून टाका. बराचसा हिरवा झाला असेल तर अख्खा टाका. त्यातलं सोलानिन हे विषारी द्रव्य उकडून जात नाही.

पाला: केल शोधत फिरू नका

कोलकॅनन करायचा म्हणून लोक नवी मुंबईच्या मॉलमध्ये केलची महागडी पाकिटं शोधतात. केल, कोबी, फ्लॉवर, ब्रोकोली आणि नवलकोल या सगळ्या वनस्पतिशास्त्राच्या दृष्टीने एकाच जातीच्या वनस्पती आहेत. माणसाने कुणाचं पान वाढवलं, कुणाचं फूल, कुणाचं खोड. त्यामुळे केलला चवीने आणि पोताने सगळ्यात जवळचं पान म्हणजे नवलकोलाचा पाला आणि फ्लॉवरच्या भोवतीची कोवळी हिरवी पानं. जांभळी नाक्याच्या मंडईत सकाळी फ्लॉवर विकणारे पानं मोडून पायाशी ढीग लावतात. बाहेरची जाड, निळसर पानं सोडा, गड्ड्याला चिकटलेली आतली पानं मागा. बहुतेक वेळा तशीच देतात. नवलकोल घ्याल तेव्हा पाल्यासकट घ्या. पानाची मधली जाड शीर सुरीने काढून टाका, पानं एकावर एक ठेवून गुंडाळी करा आणि बारीक चिरा. ही पानं पालकासारखी लगेच शिजत नाहीत, उकळत्या मिठाच्या पाण्यात पाच-सहा मिनिटं लागतात. शिजल्यावरही दाताला किंचित लागतात, आणि मऊ बटाट्यात नेमकं तेच हवं असतं. माझं मत विचाराल तर या पदार्थाला आपल्या बाजारातली ही सगळ्यात योग्य पालेभाजी.

पालक सगळ्यात सोपा आणि सगळ्यात पाणेरी. मेथी माझ्या दृष्टीने दुसऱ्या क्रमांकाची. तिचा कडूपणा लोण्यात आणि बटाट्यात सुंदर मुरतो. ज्यांना तो जास्त वाटतो त्यांनी पानं खुडून, मीठ चोळून पंधरा मिनिटं ठेवावीत आणि घट्ट पिळून घ्यावीत. लाल माठ घातला तर मॅश गुलाबी होतो, कारण त्याचा रंग पाण्यात विरघळणारा आहे आणि तो बटाट्यात उतरतो. मुलांना दाखवायला हा चांगला प्रकार आहे, पण माठ पाण्यात उकळू नका, रंग पाण्यातच जाईल. लसणावर परतूनच घ्या. शेपू पालेभाजी म्हणून नको, मूठभर, कोथिंबिरीसारखा वरून. कोबी अगदी बारीक चिरून, चमचाभर लोणी आणि दोन चमचे पाणी घालून झाकणाखाली वाफवला तर अगदी आयरिश वळणाचा मॅश होतो.

दोन प्रकारची पानं मात्र टाळा. अळू कधीच नको. त्याला चिंचेसारखं आंबट आणि भरपूर शिजवणं लागतं, नाही तर घसा खाजतो. आंबट चुका आणि अंबाडी घालायचीच असेल तर दूध पूर्ण वर्ज्य करा, नुसतं लोणी घाला. आंबटामुळे गरम दूध फाटतं.

पालक आणि माठ या दोन्हीत ऑक्सलेट बरंच असतं. मूतखड्याचा त्रास असलेल्या कुणाला डॉक्टरांनी ते वर्ज्य सांगितलं असेल तर त्या दिवशी कोबी किंवा कांद्याची पात घ्या.

संध्याकाळी कामावरून परतताना स्टेशनबाहेर घेतलेली जुडी बऱ्याचदा मान टाकलेली असते. या पदार्थाला ती चालते, आपण ती शिजवून पिळणारच आहोत. पिवळी पडलेली किंवा देठाशी बुळबुळीत झालेली मात्र नको.

धुण्यात आळस करू नका, विशेषतः पावसाळ्यात. मोठ्या पातेल्यात भरपूर पाणी घ्या, पानं बुडवा, हाताने हलवा आणि दोन मिनिटं थांबा. माती तळाला बसते. आता पातेलं चाळणीत ओतायचं नाही, नाही तर बसलेली माती पुन्हा पानांवर येते. पानं वरच्या वर हाताने उचलून रोळीत काढा, पाणी फेका आणि हेच तीन वेळा करा. तिसऱ्या पाण्यात तळाशी बोट फिरवून बघा. खर लागली तर चौथं पाणी.

पाला शिजवून कोरडा करणं

पालकासाठी मोठ्या पातेल्यात पाणी खळखळ उकळा, मीठ घाला, पानं टाका आणि झाकण न ठेवता एक मिनिट शिजवा. झाकण ठेवायचं नाही याला कारण आहे. पानं शिजताना त्यातून काही आम्लं वाफेबरोबर बाहेर पडतात. झाकण असलं की ती परत पाण्यात पडतात आणि हिरव्या रंगाचा शेवाळी रंग होतो. पानं लगेच गार पाण्यात काढा, शक्य असेल तर बर्फाच्या. ठाण्याच्या उन्हाळ्यात नळाचं पाणी कोमटच असतं, तेव्हा बर्फाचे चार खडे टाकाच.

आता पिळणं. मुठीत मावेल इतका पाला घ्या, दोन्ही तळहातांमध्ये धरून दाबा आणि पाणी थेंबथेंब यायचं थांबेपर्यंत सोडू नका. मग तो गोळा स्वच्छ पंचाच्या कापडात बांधून पुन्हा पिळा. दुसऱ्या पिळण्यात निघणारं पाणी पाहिलंत तर पहिलं पिळणं पुरेसं नव्हतं हे कळतं. एवढी मोठी जुडी शेवटी लिंबापेक्षा जरा मोठ्या गोळ्याएवढी उरते. घाबरू नका, पाला कुठेही गेलेला नाही, पाणी गेलं आहे. आता तो गोळा बारीक चिरा. आधी चिरून मग शिजवला तर पाणीही जास्त निघतं आणि चवही पाण्यात जाते.

मग कढईत चमचाभर लोणी आणि थोडं तेल गरम करा. नुसतं लोणी लवकर करपतं. त्यात लसणाच्या पातळ चकत्या टाका, कडा सोनेरी झाल्या की चिरलेला पाला घाला आणि दोन-तीन मिनिटं परता. तळ कोरडा दिसला आणि चुरचुर आवाज यायला लागला की झालं. मेथी आणि माठ उकळायचे नाहीत, ते सरळ इथूनच सुरू करायचे, पण सुटलेलं पाणी पूर्ण आटेपर्यंत, उघड्या कढईत, मोठ्या आचेवर.

बटाटा उकडणं आणि वाळवणं

बटाटे सोला, साधारण चार सेंटिमीटरच्या सारख्या आकाराच्या फोडी करा आणि एकदा धुऊन घ्या. वरचा सुटा स्टार्च निघून जातो. फोडी गार पाण्यात घालून मगच गॅस लावा. उकळत्या पाण्यात टाकल्या तर बाहेरचा भाग शिजून फुटतो आणि आत कच्चं राहतं. पाणी फोडींच्या दोन बोटं वर असू द्या. लिटरभर पाण्याला दोन चमचे मीठ घाला, इथेच घाला, नंतर घातलेलं मीठ फोडीच्या आत पोहोचत नाही. लिंबू, टोमॅटो, चिंच या पाण्यात अजिबात नको. आंबटात बटाटा मऊ व्हायला फार वेळ लागतो.

उकळी आल्यावर आच मध्यम करा. पंधरा ते अठरा मिनिटांत फोडी होतात. सुरी घातली की फोड सुरीवरून आपोआप घसरून पडायला हवी. जरा जरी अडखळली तरी अजून दोन मिनिटं द्या. अर्धवट शिजलेल्या बटाट्याच्या गुठळ्या नंतर कितीही दाबल्या तरी मोडत नाहीत.

पाणी पूर्ण निथळून टाका. मग फोडी त्याच गरम पातेल्यात परत घाला आणि अगदी मंद आचेवर, पातेलं हलवत, एक-दोन मिनिटं ठेवा. वाफ निघत राहील. फोडींच्या कडा भुरभुरीत, पांढऱ्या दिसायला लागतील आणि पातेल्याच्या तळाला पिठाचा पातळ पापुद्रा धरेल. तो पापुद्रा दिसला की गॅस बंद. ही पायरी गाळायचा मोह खूप होतो, कारण भूक लागलेली असते. पण लोणी-दूध आत शिरायला जागा इथेच तयार होते.

कुकर वापरायचा असेल तरी चालेल, फक्त बटाट्याला पाणी लागू देऊ नका. कुकरच्या तळात पाणी, डब्यात अख्खे, सालासकट बटाटे, डब्यात पाण्याचा थेंब नाही, आणि डब्यावर ताटली, म्हणजे झाकणावरचं पाणी आत ठिबकत नाही. मोठे बटाटे अर्धे करा. चार शिट्ट्या पुरेत. वाफ उतरली की लगेच काढा. तासभर कुकरमध्ये पडून राहिलेला बटाटा पाणी पितो. गरम असतानाच सोला, परातीत मोडून पसरा आणि तीन-चार मिनिटं वाफ जाऊ द्या. कुकरच्या बटाट्यात मीठ नसतं, ते दुधात घाला.

सकाळी ऑफिसला जाताना बटाटे उकडून फ्रीजमध्ये टाकायचे आणि रात्री मॅश करायचा, हा बेत नको. गार झालेल्या बटाट्यातला स्टार्च पुन्हा घट्ट होतो आणि मॅश मऊ होत नाही, कणी राहते. वेळ वाचवायचा तर आदल्या रात्री पाला निवडून, न धुता, कागदात गुंडाळून ठेवा. बटाटे ताजेच उकडा.

कुस्करणं: पुरणयंत्र बाहेर काढा

मिक्सर, ब्लेंडर, फूड प्रोसेसर यांतलं काहीही नको. बटाट्याच्या पेशींमध्ये स्टार्चचे कण असतात. साधारण ६० ते ७० अंश सेल्सिअसला ते पाणी पिऊन फुगतात, पण पेशी शाबूत असेपर्यंत ते आत बंद राहतात. पातं फिरलं की पेशी फाटतात, स्टार्च बाहेर येतो आणि त्या पाण्यात खळ तयार होते. एकदा खळ झाली की लोणी घाला, दूध घाला, काही उपयोग नाही.

यासाठी सगळ्यात चांगलं साधन आपल्या घरात आहे आणि होळी-पोळ्याखेरीज माळ्यावरच असतं: पुरणयंत्र. युरोपातल्या स्वयंपाकघरांत मॅशसाठी असंच हाताने फिरवायचं यंत्र वापरतात. मध्यम भोकांची जाळी लावा, यंत्र गरम पातेल्यावर बसवा, गरम फोडी घाला आणि दांडा सावकाश फिरवा. खाली हलक्या भुग्याचा ढीग पडतो, त्यात गुठळी शोधून सापडत नाही. यंत्र नसेल तर सोऱ्याला शेवेची मोठ्या भोकांची जाळी लावून दाबा, जोर थोडा जास्त लागतो पण काम फार छान होतं. दोन्ही नसेल तर पावभाजीचं मॅशर घ्या आणि ते वरून खाली सरळ दाबा. गोल गोल घोटू नका. पावभाजी आपण घोटतो, इथे ते करायचं नाही.

बटाटा गरमच हवा. बोटांना चटका बसेल इतका. गार व्हायला लागला तर पातेलं मंद आचेवरच्या जुन्या तव्यावर ठेवा.

आधी लोणी, मग दूध

भुग्यात लोण्याचे तुकडे घाला आणि उलथन्याने खालून वर असे परतून मिसळा. लोणी आधी घातलं की स्टार्चवर त्याचा थर बसतो आणि नंतर येणारं दूध तो तेवढं शोषत नाही, मॅश चिकट होण्याची भीती कमी होते.

तोवर दुसऱ्या गॅसवर दूध तापत असू द्या. आयरिश चॅम्पची युक्ती इथे फार कामाची आहे. कांद्याची पात बारीक चिरून दुधात घाला आणि मंद आचेवर पाच मिनिटं शिजू द्या. पातीची चव दुधात उतरते आणि कच्चा वास जातो. दूध ताजं हवं, उतायच्या आधीचं, वाफाळतं. गार दूध घातलं तर बटाटा जागीच आखडतो.

दूध एकदम ओतू नका. पाव वाटी घाला, मिसळा, थांबा. पुन्हा पाव वाटी. पिठूळ बटाटा जवळजवळ सगळं दूध पितो, पुखराज अर्ध्या वाटीत भरून पावतो. उलथनं उचललं की मॅश त्यावर टेकून राहावा आणि हलवल्यावर सावकाश घसरावा, इतपत सैल ठेवा. ताटात आणखी थोडा आळतो. पातीसकट दूध घालायचं आहे, गाळायचं नाही.

सगळ्यात शेवटी पाला. सगळीकडे पसरवून घाला आणि आठ-दहा वेळा खालून वर करून मिसळा. सगळं एकसारखं हिरवं व्हायला हवं असं नाही, पांढऱ्यात हिरव्या रेघा दिसल्या तर उलट बरं. आता चाखा, मीठ बघा, मिरी घाला. बटाटा मीठ मागतो, दोन चिमट्या जास्त लागल्या तर घाबरू नका. बाळासाठी करत असाल तर त्याचा वाटा मीठ-मिरी घालायच्या आधी बाजूला काढा. त्यासाठी उकडायच्या पाण्यातही मीठ नको.

बिघडलंच तर काय? सैल झाला तर पसरट कढईत, उघडा, मंद आचेवर तीन-चार मिनिटं ठेवा, मध्ये दोनदाच परता. गुठळ्या राहिल्या तर पाला घालायच्या आधी पुन्हा यंत्रातून काढा. चिकट झाला तर त्याचा मॅश परत होत नाही, सरळ त्यात बेसन, मिरची, कोथिंबीर घालून तव्यावर धिरडी लावा.

वाढताना

आयर्लंडमध्ये ताटात मॅशचा ढीग करून मधोमध खळगा करतात आणि त्यात वितळलेलं लोणी ओततात. प्रत्येक घास त्या लोण्यात बुडवून खायचा. आपल्याकडे त्या खळग्यात फोडणी फार शोभते. चमचाभर तूप, जिरं, लसूण, एक हिरवी मिरची, आणि मेथीचा मॅश असेल तर चिमूटभर हिंग. वर तळलेली सांडगी मिरची चुरून घाला. मऊ बटाट्यावर तिचा खारट, ताकाचा कुरकुरीत तिखटपणा मला सगळ्या सॉसपेक्षा आवडतो.

सोबत तळलेला बोंबील किंवा सुरमई घ्या, रव्यात घोळलेले वांग्याचे काप घ्या, किंवा अर्धवट शिजलेल्या बलकाचं अंडं. आमटी नको, तिचं पाणी मॅशमध्ये शिरतं आणि केलेली सगळी मेहनत ताटात वाया जाते. दात नसलेल्या आजी-आजोबांसाठी हा जेवणाचा चांगला प्रकार आहे. त्यांच्यासाठी नवलकोलाऐवजी पालक घ्या, आणि लसूण चकत्यांऐवजी वाटून.

उरला तर

आपल्या दमट हवेत शिजवलेला बटाटा दोन तासांपेक्षा जास्त ओट्यावर ठेवू नका. पसरट डब्यात घालून फ्रीजमध्ये ठेवा आणि दुसऱ्या दिवशी संपवा. गरम करताना दोन चमचे दूध शिंपडा, झाकण ठेवा, मंद आच. एकदा गरम केलेला पुन्हा गरम करत बसू नका.

पण गार मॅशचं सगळ्यात चांगलं काम तव्यावर होतं. इंग्लंडमध्ये उरलेला बटाटा आणि कोबी असाच परततात, त्याला बबल अँड स्क्वीक म्हणतात. फ्रीजमधून काढलेल्या थंड मॅशच्या बोटभर जाड टिक्क्या थापा. थंड असतानाच थापा, कोमट झाला की हाताला चिकटतो. दोन्ही बाजूंनी बारीक रवा लावा. लोखंडी तव्यावर तेल चांगलं तापू द्या, टिक्क्या ठेवा आणि चार-पाच मिनिटं हातच लावू नका. कडा तपकिरी दिसल्या आणि तवा हलवल्यावर टिक्की स्वतःहून सरकली, की मगच उलटा. आधी उलटली तर सगळा खरपूस थर तव्यालाच चिकटून राहतो.